ताजमहालाची उपमा आता पुरे

जगात खऱ्या अर्थाने सुंदर अशा दोनच गोष्टी आहेत, एक ताजमहाल आणि दुसरी दोलोरेस देल रिओ, अशा आशयाचे एक वाक्य बर्नार्ड शॉच्या नावावर गेली कित्येक दशके खपविले जात आहे. शॉ असे खरोखर म्हणाला की नाही, याच्याशी आम्हांला कर्तव्य नाही. त्याच्या नावावर बाजारात इतकी नाणी चालतात की त्यांतली अस्सल किती, हे खुद्द टांकसाळीलाही सांगता येऊ नये. आमचे भांडण आहे ते हे वाक्य भक्तिभावाने पुनःपुन्हा उद्धृत करणाऱ्यांशी. मेक्सिकोच्या या अभिनेत्रीवर लिहिलेला लेख कोणत्याही भाषेतला असो, दुसऱ्या नाहीतर तिसऱ्या परिच्छेदात ताजमहाल हजर होतोच. हिंदुस्थानी लेखकाला तर हे वाक्य हाती लागले की स्वर्ग दोन बोटे उरतो. उपमेय दूरचे असले तरी उपमान घरचेच ना!

परंतु ताजमहाल हे थडगे आहे, या साध्या गोष्टीचा या मंडळींना विसर पडतो. जिच्यासाठी तो उभा राहिला ती बाई आत निजली आहे, आणि येणारे जाणारे घुमट पाहून परत फिरतात. उत्तरेत नोकरीनिमित्त राहणाऱ्या आम्हां मराठी माणसांवर गावाकडच्या पाहुण्यांना आग्रा दाखविण्याचा प्रसंग वर्षाकाठी एकदोनदा तरी येतो. त्या अनुभवाच्या आधारे सांगतो, की मुमताजमहल स्वभावाने कशी होती, काय वाचीत असे, काय बोलत असे, हा प्रश्न आजवर एकाही पाहुण्याने आम्हांला विचारलेला नाही. दोलोरेस देल रिओ यांचे चाहत्यांनी नेमके हेच केले आहे. पन्नासांहून अधिक वर्षे कॅमेऱ्यासमोर राबलेल्या एका कष्टाळू नटीला त्यांनी संगमरवरात चिणून टाकले आहे.

आपण दुर्गा खोटे यांना दुर्गाबाई म्हणतो. खाऊनपिऊन सुखी घरातली, शिकलेली स्त्री ओढगस्तीच्या दिवसांत या व्यवसायात आली आणि स्वतःच्या कर्तबगारीने उभी राहिली, याचा आदर त्या ‘बाई’ शब्दात आहे. दोलोरेस या दुर्गाबाईंच्या अवघ्या काही महिन्यांनी मोठ्या, आणि त्यांची कथाही फार निराळी नाही. म्हणून आम्ही त्यांना दोलोरेसबाई म्हणणार. ज्यांना यात अतिप्रसंग वाटेल त्यांनी खुशाल ‘लावण्यवती’ म्हणावे.

आमचा दिवस सरकारी कचेरीत इतरांच्या सेवापुस्तिका चाळण्यात जातो. सेवापुस्तिकेच्या पहिल्या पानावर उंची असते, अंगावरील ओळखीची खूण असते. पण ती एका पानात आटोपते. पुढची सगळी पाने नेमणूक, बदली, बढती, रजा आणि केलेले काम यांची. बाईंवरचे बहुतेक लेख म्हणजे पहिल्या पानावरच संपलेल्या सेवापुस्तिका आहेत. त्वचेचा वर्ण, गालांची हाडे, डोळे, लग्ने तीन, प्रेमप्रकरणे अमुक. म्हणे ऑर्किडच्या पाकळ्या खाऊन राहत आणि सोळा सोळा तास झोपत! रोज पहाटे रंग लावून स्टुडिओत उभी राहणारी बाई सोळा तास झोपणार केव्हा, हा हिशेब करण्याची गरज कोणाला वाटली नाही.

तेव्हा पुढची पाने आपणच उलटू.

दोलोरेस आसुन्सोलो यांचा जन्म ३ ऑगस्ट १९०४ चा, उत्तर मेक्सिकोतील दुरांगो शहरी. वडील बँकेचे अधिकारी, घराणे जमीनदारांत मोडणारे. १९१० मध्ये क्रांतीचा वणवा पेटला, त्यात हे वैभव गेले आणि कुटुंब मेक्सिको शहरात आश्रयाला आले. १९२१ मध्ये, वयाच्या सतराव्या वर्षाच्या आत, हाइमे मार्तिनेस देल रिओ या वयाने पुष्कळ मोठ्या, युरोपात वाढलेल्या श्रीमंत गृहस्थाशी त्यांचा विवाह झाला. पुढे त्याही घरची सांपत्तिक स्थिती खालावली. १९२५ मध्ये एडविन कॅर्यू हा अमेरिकन दिग्दर्शक मेक्सिको शहरात आला असता त्याने त्यांना नाचताना पाहिले आणि हॉलिवुडला येण्याचे निमंत्रण दिले. येथपासून ‘शोध’ हा शब्द सुरू होतो. कॅर्यूने त्यांचा ‘शोध’ लावला. जणू बाई म्हणजे एखादे बेट, आणि ते सापडेपर्यंत तिथे कोणी राहतच नव्हते! वस्तुतः एकविसाव्या वर्षी, सासर-माहेरच्या प्रतिष्ठित मंडळींची नाके मुरडत असता, ज्या धंद्याला त्या समाजात कोणी मान देत नव्हते त्या धंद्यात परदेशी जाऊन उतरण्याचा निश्चय त्या बाईंनी केला. निमंत्रण देणे सोपे असते. त्यावर घर सोडणाऱ्याची किंमत मोठी असते.

हॉलिवुडने त्यांना काय दिले? कीर्ती दिली, पैसा दिला, आणि जगातल्या यच्चयावत देशांचे नागरिकत्व दिले. फक्त स्वतःच्या देशाचे तेवढे जपून दिले. १९२६ च्या ‘व्हॉट प्राइस ग्लोरी’मध्ये त्या फ्रेंच खेडवळ मुलगी झाल्या. १९२७ च्या ‘रेझरेक्शन’मध्ये टॉलस्टॉयची रशियन कात्युशा. त्याच वर्षी स्पेनची कार्मेन. १९२८ च्या ‘रामोना’त अर्धी रेड इंडियन, १९२९ च्या ‘इव्हँजलिन’मध्ये कॅनडातल्या फ्रेंच वसाहतीतली कन्या, १९३२ च्या ‘बर्ड ऑफ पॅरेडाइज’मध्ये दक्षिण समुद्रातल्या बेटावरची राजकन्या, १९३३ च्या ‘फ्लाइंग डाउन टु रिओ’मध्ये ब्राझीलची, १९३४ मध्ये पुन्हा फ्रान्सची मादाम द्यू बारी. मूकपटाच्या काळात हे चालून गेले, कारण मुक्याला उच्चार नसतो. बोलपट आला तेव्हा त्यांच्या इंग्रजीतली स्पॅनिश छटा ऐकू येऊ लागली, आणि मालकांनी त्यावर तोड काढली ती अशी, की ज्या ज्या भूमिकेला ‘परकी’ एवढेच विशेषण पुरे, ती ती यांना द्यावी. परकी कुठली, याची चौकशी प्रेक्षक करीत नाही. मेक्सिकन म्हणून ज्या मोजक्या भूमिका मिळाल्या त्यांतल्या १९३२ च्या ‘गर्ल ऑफ द रिओ’वर तर प्रत्यक्ष मेक्सिकोच्या सरकारनेच निषेध नोंदविला; त्या चित्रात मेक्सिकन माणसांचे जे दर्शन होते ते कोणाही स्वाभिमानी देशाला मानवण्यासारखे नव्हते.

‘बर्ड ऑफ पॅरेडाइज’विषयी त्याचा दिग्दर्शक किंग व्हिडॉर याने आपल्या आत्मचरित्रात जे नमूद करून ठेवले आहे ते सौंदर्यपूजकांनी अवश्य वाचावे. निर्माता सेल्झनिक याचे म्हणणे असे, की कथा कोणतीही घ्या, माझी हरकत नाही. नाव तेवढे हेच ठेवा आणि अखेरीस देल रिओने धगधगत्या ज्वालामुखीत उडी घेतली म्हणजे झाले. या धंद्यात रूपाची पूजा कशी चालते, याचा याहून प्रामाणिक कबुलीजबाब आमच्या पाहण्यात नाही. मूर्ती सुंदर हवी, कारण विसर्जन नेत्रदीपक व्हायचे असते.

आणि विसर्जन झालेही. मे १९३८ मध्ये अमेरिकेतील स्वतंत्र चित्रगृहमालकांच्या संघटनेने वृत्तपत्रात जाहिरात देऊन, ज्यांच्या नावावर आता तिकिटे खपत नाहीत अशा नटनट्यांना ‘गल्ल्याचे विष’ ठरविले. त्या यादीत ग्रेटा गार्बो होती, कॅथरिन हेपबर्न होती, जोन क्रॉफर्ड होती, आणि दोलोरेसबाईही होत्या. संगत वाईट नव्हती. पण हेपबर्नला तिच्या भाषेतले रंगमंच आणि लेखक उपलब्ध होते. तिने दोनच वर्षांत ‘द फिलाडेल्फिया स्टोरी’च्या बळावर बाजी परतविली. बाईंना इंग्रजीत असा कोणी लेखक नव्हता, कारण त्यांच्यासाठी इंग्रजीत कोणी माणूस लिहिलाच नव्हता. लिहिली होती ती चित्रे.

याच काळाबद्दल रसभरित मजकूर सर्वांत जास्त छापला गेला आहे. दुसरे पती सेड्रिक गिबन्स हे कलादिग्दर्शक, ऑस्करच्या बाहुलीचे रेखाटन करणारे. त्यांनी बांधलेले आधुनिक घर. १९४१ चा घटस्फोट. ऑर्सन वेल्सशी जडलेले प्रेम आणि तुटलेले प्रेम. हे सर्व खरे आहे, आणि इतरत्र इतके वाचावयास मिळते की आम्ही त्यात भर घालीत नाही.

आता त्या टप्प्याकडे येऊ, ज्याच्यासाठी हा लेख लिहावयास घेतला.

१९४३ मध्ये, अडतीस वर्षे पूर्ण झालेली, हॉलिवुडने निकालात काढलेली ही नटी आपल्या देशी येऊन आयुष्यात प्रथमच आपल्या मातृभाषेत चित्रपट करते. चित्रपटाचे नाव ‘फ्लोर सिल्व्हेस्त्रे’, म्हणजे रानफूल. दिग्दर्शक एमिलिओ फेर्नांदेस, छायाचित्रकार गाब्रिएल फिगेरोआ, लेखक माउरिसिओ माग्दालेनो, नायक पेद्रो आर्मेन्दारिस. या घटनेचे वर्णन करताना आमचे भावनाप्रधान लेखक म्हणतात, की मायभूमीच्या मातीचा स्पर्श होताच त्यांच्यातली खरी कलावती जागी झाली. आणि टीकाकार म्हणवून घेणारे म्हणतात, की फेर्नांदेसने त्यांना घडविले आणि फिगेरोआने त्यांना उजळले.

दोन्ही विधाने आम्हांला अमान्य आहेत.

मातीचा स्पर्श ही कवितेची भाषा झाली. वस्तुस्थिती अशी, की महायुद्धामुळे अमेरिकेचे स्टुडिओ युद्धपटांत गुंतले होते. अर्जेंटिना तटस्थ राहिल्याने अमेरिकेने त्या देशाचा कच्च्या फिल्मचा पुरवठा आखडता घेतला आणि मित्रराष्ट्र म्हणून मेक्सिकोला मोकळ्या हाताने दिला. १९४२ मध्ये मेक्सिकोत चित्रपटधंद्याला कर्ज देणारी स्वतंत्र बँक निघाली. सगळ्या स्पॅनिशभाषी जगाला चित्रपट पुरविण्याची संधी एका देशाकडे चालून आली होती. बाई परतल्या त्या अशा वेळी, आणि परतल्या त्या रित्या हाताने नव्हे. अठरा वर्षे जगातल्या सर्वांत काटेकोर कारखान्यात काम केल्याचे शिक्षण त्यांच्यापाशी होते. दिव्याखाली मान किती अंशांनी वळवावी, भिंगाच्या किती जवळ आल्यावर पापणी हलवू नये, दहाव्या वेळीही पहिल्या वेळेसारखे कसे उभे राहावे, हे माती शिकवीत नाही.

आणि फेर्नांदेसने घडविले म्हणावे, तर घडविणारा तेव्हा काय होता? त्याच्या नावावर अवघे दोन चित्रपट जमा होते. बाई हॉलिवुडच्या नामवंत तारका होत्या त्या दिवसांत हा गृहस्थ त्याच गावी किरकोळ कामे करून पोट भरीत होता. ‘फ्लोर सिल्व्हेस्त्रे’मध्ये त्याला जी जगन्मान्य नटी मिळाली, तिच्या नावामुळे त्या चित्रपटाकडे देशाबाहेरच्यांचे लक्ष गेले, हे सत्य उलटे फिरवून सांगितले जाते. तो प्रतिभावान होता, यात शंका नाही. तापट आणि हुकूमशाही वृत्तीचा होता, यातही नाही. अशा माणसाच्या हाताखाली, मानाने आणि अनुभवाने मोठी असलेली स्त्री नवशिक्यासारखी उभी राहते आणि एका वर्षाच्या आत त्याच्याबरोबर दोन अविस्मरणीय चित्रपट देते. यातला संयम, यातली व्यावसायिक शिस्त कोणाच्या खात्यावर मांडायची?

एका गोष्टीविषयी थोडे आपल्यापुरते बोलतो. दिवसभर कचेरीत परभाषेत टिपणे लिहून घरी आल्यावर ज्यांची मराठी क्षणभर अडखळते, त्या आम्हां परप्रांतस्थांना हे अधिक समजेल. अठरा वर्षे दुसऱ्यांच्या भाषेत, दुसऱ्यांच्या शब्दांत बोललेल्या माणसाला स्वतःची भाषा आयती हाती येत नाही. ती घरची असते, पण व्यवसायाची राहिलेली नसते. अडतिसाव्या वर्षी ती व्यवसायाची करून घेणे, तेही लहानपणापासून त्या भाषेच्या रंगभूमीवर वाढलेल्या नटांच्या शेजारी उभे राहून, हे काम किती कष्टाचे असते ते ‘मायबोलीत परतल्या’ या दोन शब्दांत मावत नाही.

‘फ्लोर सिल्व्हेस्त्रे’ची नायिका एस्पेरान्सा ही साध्या शेतकरी घरातली मुलगी. जमीनदाराचा मुलगा तिच्याशी लग्न करतो, घराबाहेर काढला जातो, क्रांतीच्या धामधुमीत अखेर गोळ्या घालून मारला जातो. म्हातारी झालेली एस्पेरान्सा आपल्या लष्करी पोशाखातल्या मुलाला ही कथा सांगते आहे, अशी मांडणी आहे. लक्षात घ्या: बाईंनी आपल्या भाषेतल्या पहिल्याच चित्रपटात केस पांढरे करून एका तरुण मुलाची आई म्हणून प्रवेश केला. ज्या लावण्याची इतकी महती, ते त्यांनी दारातच उतरवून ठेवले.

त्यानंतरचा ‘मारिया कांदेलारिया’. याची कथा फेर्नांदेसने हॉटेलातल्या कागदी रुमालांवर लिहून बाईंना भेट दिली, अशी आख्यायिका सांगतात. जानेवारी १९४४ मध्ये हा चित्रपट मेक्सिकोत लागला. १९४६ मध्ये कान येथे पहिला महोत्सव भरला तेव्हा त्याला सर्वोच्च पारितोषिक मिळाले आणि फिगेरोआला छायाचित्रणाचे. येथे आपल्याकडच्या एका समजुतीचाही समाचार घेऊन टाकतो. त्याच वर्षी तेच पारितोषिक चेतन आनंद यांच्या ‘नीचा नगर’ला मिळाले, आणि आपल्याकडे ते एकट्या ‘नीचा नगर’ला मिळाल्यासारखे सांगितले जाते. ते पारितोषिक अकरा चित्रपटांना विभागून दिले गेले होते. रोसेलिनीचा ‘रोम, ओपन सिटी’ त्यात होता, डेव्हिड लीनचा ‘ब्रीफ एन्काउंटर’ होता, आणि ‘मारिया कांदेलारिया’ही. एका पंक्तीला बसलेल्या पाहुण्यांची नावे विसरून आपल्याच पानाचे वर्णन करीत राहणे शोभत नाही. त्या पंक्तीत हिंदुस्थान आणि मेक्सिको शेजारी होते, याचा अभिमान अधिक मोठा नाही काय?

चित्रपटाचे स्थळ मेक्सिको शहराजवळचे सोचिमिल्को, कालव्यांचे आणि पाण्यातल्या फुलबागांचे, काळ १९०९. मारिया ही एका वेश्येची मुलगी. गावाने तिच्या आईला दगडांनी ठेचून मारले आहे आणि मुलीला वाळीत टाकले आहे. तिची फुले कोणी घेत नाही. लोरेन्सो राफाएल या तरुणाशी लग्न करता यावे म्हणून तिने एक डुकराचे पिल्लू पोसले आहे. गावचा सावकार त्यालाही गोळी घालतो. ती तापाने फणफणते, तिच्यासाठी औषध चोरणारा लोरेन्सो तुरुंगात जातो. त्याला सोडवण्याच्या आशेने ती एका चित्रकारापुढे बसते. चित्रकार तिचा चेहरा रंगवतो. विवस्त्र बसण्यास मात्र ती नकार देते, तेव्हा तो दुसऱ्या स्त्रीला बसवून चित्र पुरे करतो. ते चित्र गावकऱ्यांच्या दृष्टीस पडते. चेहरा तिचा म्हणून शरीरही तिचेच, असा निवाडा होतो आणि मशाली घेऊन धावलेला जमाव तिला दगडांनी मारतो.

या कथेकडे नीट पाहावे. दुसऱ्या कोणाच्या तरी शरीरावर आपला चेहरा चिकटवला गेल्यामुळे मेलेली स्त्री, ही भूमिका जिच्या वाट्याला आली ती नटी गेली अठरा वर्षे काय करीत होती? फ्रेंच, रशियन, ब्राझिलियन धडांवर तिचाच चेहरा बसवला जात होता. बाईंनी ही भूमिका करताना हा अर्थ मनात आणला होता की नव्हता, ते आम्ही सांगत नाही. पण शेवटच्या भागातली त्यांची धाव पाहताना ती एका आदिवासी मुलीची भीती एवढीच वाटत नाही.

येथे एक आक्षेप येतो आणि तो आम्ही टाळणार नाही. मेक्सिकोतले काही जाणते टीकाकार म्हणतात, की गोऱ्या रंगाच्या जमीनदार घराण्यातली, चाळिशीला टेकलेली बाई अनवाणी फिरली, डोक्यावरून ओढणी घेतली, म्हणून ती आदिवासी होत नाही. हॉलिवुडने तिला पॉलिनेशियन केले, स्वदेशाने इंडियन केले, मुखवटा तो मुखवटाच. हा आक्षेप आम्हांला बव्हंशी मान्य आहे. त्या वेणीत, त्या खाली घातलेल्या मानेत क्रांतीनंतरच्या मेक्सिकोने आपल्या मनातला गरीब, सोशिक, शुद्ध आदिवासी पाहिला. खरा आदिवासी कसा बोलतो हे पाहण्याची त्याला घाई नव्हती. आपल्याकडेही शहरी नटी नऊवारीचा काचा मारून कोळीण झाली की आपण डोलतो आणि कोळिणीला कोणी विचारीत नाही. परंतु हा मुखवटा कोणी चढविला? राष्ट्राला प्रतिमा हवी होती, दिग्दर्शकाला देवी हवी होती. आणि आता नटीला राष्ट्रमाता करून तिच्या नावाने उमाळे काढणारे तोच मुखवटा जपत आहेत. आमचे म्हणणे असे, की ‘मारिया कांदेलारिया’ हा मोठा चित्रपट आहे, पण दोलोरेसबाईंचे सर्वांत मोठे काम नव्हे. ते पाहावयाचे तर, जिथे त्यांच्या तोंडावर कोणत्याही जातीचा, कोणत्याही राष्ट्राचा रंग नाही अशा भूमिकांकडे वळले पाहिजे. आणि तिकडे कोणी वळत नाही.

त्यातली पहिली १९४६ च्या ‘ला ओत्रा’मधली. दिग्दर्शक रोबेर्तो गाव्हाल्दोन. नावाचा अर्थ ‘दुसरी’. जुळ्या बहिणी दोन: मारिया केशकर्तनालयात गिऱ्हाइकांची नखे साफ करून पोट भरणारी, माग्दालेना धनाढ्य विधवा. दारिद्र्याने पिचलेली मारिया बहिणीचा खून करते, आपणच आत्महत्या केली असा देखावा उभा करते, आणि तिचे नाव, घर, कपडे, सारे अंगावर घेते. सही तेवढी अंगावर घेता येत नाही. म्हणून ती स्वतःचा उजवा हात विस्तवातल्या लोखंडाने भाजून घेते. मग उलगडत जाते ते असे, की माग्दालेनाने आपल्या नवऱ्याचा विषप्रयोगाने खून केला होता. आणि ज्या नावासाठी मारियाने खून केला त्या नावाखालीच तिला न केलेल्या खुनाची शिक्षा भोगावी लागते.

दुहेरी भूमिका आपल्याला नव्या नाहीत. एकीला भोळी आणि दुसरीला कावेबाज करून, एकीचे केस डावीकडे आणि दुसरीचे उजवीकडे फिरवून काम भागविले जाते. येथे तसे नाही. मारिया जेव्हा माग्दालेना होते तेव्हा तिसरीच एक व्यक्ती जन्माला येते: श्रीमंतीची चाल शिकलेली, पण नोकराने दार उघडताच क्षणभर स्वतःच बाजूला होऊ पाहणारी. आयुष्यभर दुसऱ्यांचे हात हातांत घेऊन बसलेल्या या बाईचे स्वतःचे हात कुठे ठेवावे हे तिला कळत नाही, हा सगळा अभिनय हातांचा आहे. चेहऱ्यावर बोलणाऱ्यांनी एकदा हा चित्रपट केवळ हात पाहत पाहावा. १९६४ मध्ये याच कथेवर अमेरिकेत बेटी डेव्हिसचा ‘डेड रिंगर’ निघाला. तो पाहिलेले पुष्कळ भेटतात. मूळ पाहिलेला क्वचित.

दुसरी भूमिका १९५१ च्या ‘दोन्या पेर्फेक्ता’तली, आणि आमच्या मते हीच त्यांची सर्वश्रेष्ठ. स्पेनचा कादंबरीकार बेनितो पेरेस गाल्दोस याची १८७६ ची कादंबरी दिग्दर्शक आलेहान्द्रो गालिन्दो याने गेल्या शतकाच्या आधीच्या मेक्सिकोत आणून बसविली. पेर्फेक्ता ही गावची प्रतिष्ठित, धर्मशील विधवा. शहरात शिकलेला, मोकळ्या विचारांचा भाचा तिच्या मुलीशी लग्न करावयाचे म्हणून येतो. आत्या-भाच्याचे वितुष्ट लहानसहान शब्दांवरून वाढत जाते आणि अखेर त्या मुलाचा बळी घेऊन थांबते. बाईंचे वय सत्तेचाळीस. वेश काळा. रूप मिरविण्यास जागा नाही आणि सहानुभूती मिळविण्यास तर मुळीच नाही. खलनायिका म्हणून डोळे वटारण्याचा सोपा मार्ग होता, तो त्यांनी घेतला नाही. आपण दुष्ट आहोत असे या पेर्फेक्ताला एका क्षणीही वाटत नाही. ती घर सांभाळते आहे, देव सांभाळते आहे. अशा बाया आपण सर्वांनी आपापल्या वाड्यांत, चाळींत पाहिल्या आहेत. त्यांच्या तोंडचे आर्जव आणि त्यांच्या हातची शिक्षा आपल्याला माहीत आहे. म्हणूनच ही दूरदेशीची, दुसऱ्या धर्माची भूमिका मराठी प्रेक्षकाला भाषांतराशिवाय कळेल असे आम्ही खात्रीने म्हणतो. हिच्यासाठी मेक्सिकोचे ‘आरिएल’ पारितोषिक त्यांना मिळाले. असे एकूण तीनदा मिळाले, पहिल्यांदा ‘लास आबान्दोनादास’मधल्या परित्यक्त आईच्या भूमिकेबद्दल.

पुढची पाने झपाट्याने उलटतो. १९५४ मध्ये हॉलिवुडच्या ‘ब्रोकन लान्स’साठी त्यांची निवड झाली, पण कम्युनिस्टांविषयी सहानुभूती बाळगल्याच्या संशयावरून अमेरिकेने प्रवेशाची परवानगी नाकारली. ती भूमिका केटी हुरादो हिने केली आणि तिला ऑस्करचे नामांकन मिळाले. ज्या देशाने अठरा वर्षे या बाईंच्या चेहऱ्यावर पैसा केला त्याला त्यांच्या मतांची एकाएकी भीती वाटली. चेहऱ्यामागे मते असू शकतात हा शोध त्याला उशिरा लागला, एवढेच. दोनच वर्षांनी, १९५६ मध्ये, पन्नाशी ओलांडल्यावर, त्या अमेरिकेतच ‘अनास्तासिया’ नाटकातून इंग्रजी रंगमंचावर उभ्या राहिल्या. १९५९ च्या ‘ला कुकाराचा’त मारिया फेलिक्स या दुसऱ्या सम्राज्ञीबरोबर काम केले, वृत्तपत्रांनी भांडणाची वाट पाहिली, ते काही झाले नाही. १९६० मध्ये ‘फ्लेमिंग स्टार’मध्ये त्या एल्व्हिस प्रेस्लीची आई झाल्या, रेड इंडियन अर्थातच. हॉलिवुडने इतक्या वर्षांत काहीही शिकल्याचे दिसत नव्हते.

११ एप्रिल १९८३ रोजी कॅलिफोर्नियात त्यांचे निधन झाले. मृत्युलेखांत ताजमहाल होता. मेक्सिकोतील नटनट्यांच्या संघटनेच्या आश्रयाने १९७० च्या सुमारास त्यांनी ज्या पाळणाघरासाठी खस्ता खाल्ल्या, ते मात्र फार थोड्यांत होते. चित्रीकरणाच्या आणि नाटकाच्या वेळा अवेळी असतात; नटी मूल कुठे ठेवणार, हा या व्यवसायातला अगदी साधा प्रश्न, आणि तो कोणाही निर्मात्याला पडला नव्हता. स्वतः निपुत्रिक असलेल्या, सहकारी बायकांच्या अडचणी चाळीस वर्षे जवळून पाहिलेल्या या बाईंना तो पडला. संगमरवरी पुतळ्याला असले प्रश्न पडत नाहीत.

आता एक व्यवहाराची गोष्ट. आम्ही राहतो त्या शहरात चित्रपटप्रेमींचे एक मंडळ आहे. त्याने मध्यंतरी बाईंवर एक सप्ताह भरविला. पत्रिकेवर मोठे छायाचित्र, खाली शॉचे वाक्य. पहिल्या दिवशी ‘बर्ड ऑफ पॅरेडाइज’, दुसऱ्या दिवशी ‘फ्लाइंग डाउन टु रिओ’, मग ‘मारिया कांदेलारिया’, आणि उरलेले दिवस व्याख्यानांचे. ‘ला ओत्रा’ नव्हता, ‘दोन्या पेर्फेक्ता’ही नव्हता. चिटणीसांना विचारले, तर म्हणाले, “त्यात बाई तितक्या सुंदर दिसत नाहीत हो.” पुढच्या वर्षी हे दोन चित्रपट दाखवावेत अशी लेखी विनंती आम्ही काही सभासदांच्या सह्यांनिशी मंडळाकडे पाठविली आहे. उत्तर आलेले नाही. स्मरणपत्र कसे लिहावे हे आम्हांला नोकरीने शिकविले आहे. पहिले या आठवड्यात जाईल.